भाऊसाहेबांचा अवमान अर्ज आणि त्याला भाऊसाहेबांचंच उत्तर

नोकरीत माणसाचा अपमान रोज होतो आणि त्याची दाद कुठेही लागत नाही. साहेब भर बैठकीत फाइल आपटतात, शिपाई सगळ्यांना चहा देऊन आपल्यालाच विसरतो, आपल्या हाताखाली शिकलेली पोरं वर चढतात आणि खुर्चीतून न उठताच "काय, बरं आहे ना?" असं विचारतात. हे सगळं माणसाने मुकाट गिळायचं असतं. पण हाच अपमान माणसाऐवजी कोर्टाचा झाला, की त्याला अवमान म्हणतात आणि मग भल्याभल्यांना घाम फुटतो. ही गोष्ट भाऊसाहेबांना जरा उशिराच कळली, आणि तीसुद्धा स्वतःच्या घराच्या जिन्यात.

भाऊसाहेब सरकारी कार्यालयात वरिष्ठ लिपिक होते आणि त्यांचं टेबल कोर्टाचं होतं. म्हणजे असं, की कार्यालयाविरुद्ध कोणी कोर्टात गेलं की नोटीस यायची भाऊसाहेबांकडे, तिला उत्तर लिहायचे भाऊसाहेब, सही करायचे साहेब, आणि कोर्टात ते वाचून दाखवून शाबासकी घ्यायचे सरकारी वकील. भाऊसाहेबांनी लिहिलेल्या उत्तरावर कार्यालय सहसा हरत नसे. एकदा तर एका निवृत्त कर्मचाऱ्याने त्यांचं उत्तर वाचून, आपलंच चुकलं असं वाटून, केस मागे घेतली होती.

त्यांची दुसरी ख्याती म्हणजे त्रुटी. त्यांच्या टेबलावरून एकही फाइल त्रुटी निघाल्याशिवाय पुढे गेलेली नव्हती. पानांना क्रमांक नाहीत, सही आहे पण तारीख नाही, जोडपत्र 'ब' आहे आणि 'अ'चा पत्ताच नाही, असं काही ना काही त्यांना दिसायचंच. एकदा त्यांनी स्वतःचा रजेचा अर्ज स्वतःलाच परत केला होता, कारण त्यात रजेचं कारण पुरेसं स्पष्ट नव्हतं. ते स्पष्ट करेपर्यंत लग्न पार पडलं. लग्न मेहुण्याचं होतं, त्यामुळे घरात पुढे जे झालं ते इथे सांगण्यात अर्थ नाही.

तर अशा या माणसाला अधीक्षकपदाच्या बढतीत डावलण्यात आलं. एकदा नाही, दोनदा. ज्यांना त्यांनी टिपणी कशी लिहायची ते शिकवलं, ते दोघे अधीक्षक झाले, आणि ते खोलीत आले की भाऊसाहेबांना उठून उभं राहावं लागे. पोरं चांगली होती. "सर, बसा हो" म्हणायची. पण 'बसा' हे कानाला कितीही गोड लागलं, तरी ते ऐकण्याआधी माणूस उभा राहिलेला असतो. शेवटी भाऊसाहेब कोर्टात गेले, आणि कार्यालयाचं उत्तर त्या वेळी वरिष्ठांकडून परस्पर गेल्यामुळे चक्क जिंकले. कोर्टाने सांगितलं, या माणसाला दोन महिन्यांत अधीक्षक करा.

तो निकाल कार्यालयात आला आणि रीतीप्रमाणे कोर्टाच्या टेबलावर आला. भाऊसाहेबांनी त्यावर शिक्का मारला, नोंद घेतली आणि 'सदर कर्मचाऱ्यास बढती देणेबाबत' अशी टिपणी साहेबांपुढे ठेवली. आपणच तो सदर कर्मचारी आहोत हे त्यांनी चेहऱ्यावर दिसू दिलं नाही. साहेबांनी लिहिलं, 'चर्चा करावी.' भाऊसाहेब चर्चेला गेले तर साहेब बैठकीत. पुढच्या सोमवारी त्यांनी पुन्हा टिपणी ठेवली. साहेबांनी लिहिलं, 'वरिष्ठांचे मार्गदर्शन घ्यावे.' मार्गदर्शनही घेतलं. वरिष्ठांनी कळवलं, की आपल्या स्तरावर निर्णय घ्यावा. त्यावर साहेबांनी पुन्हा लिहिलं, 'चर्चा करावी.' दर सोमवारी टिपणी जाई आणि दर शुक्रवारी परत येई. दोन महिने कधीच उलटले, आणि भाऊसाहेबांची निवृत्ती वर्षाच्या शेवटी येऊन ठेपली.

आता निवृत्तीनंतर मिळालेली बढती ही जेवण झाल्यावर आलेल्या मिठासारखी. कागदावर मिळाली असती, चार ओळींचं अभिनंदनही आलं असतं. पण भाऊसाहेबांना कागद नको होता. त्यांना एक दिवस, निदान एक दिवस, त्या खुर्चीत बसायचं होतं आणि दारातून आत येणाऱ्या माणसाला आपण "बसा" म्हणायचं होतं. हे त्यांनी कोणाला सांगितलं नव्हतं. वहिनींना मात्र न सांगताच माहीत होतं, कारण अलीकडे ते झोपेतसुद्धा "बसा, बसा" म्हणू लागले होते.

अशात जिन्यात वरच्या मजल्यावरचे तारीखवाले भेटले. त्यांना तारीखवाले म्हणत, कारण कंपाउंडच्या एका भिंतीसाठी ते इतकी वर्षं कोर्टात जात होते, की आता भिंत पडून गेली होती आणि केस तेवढी उभी होती. भाऊसाहेबांनी सगळं सांगितलं आणि शेवटी उसासा टाकून म्हणाले, की शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये हेच खरं. तारीखवाल्यांनी त्यांच्या खांद्यावर हात ठेवला आणि समजावलं, की ती म्हण शहाण्यांसाठी आहे, आपल्याला ती लागू होत नाही. मग आवाज खाली आणून त्यांनी मंत्र दिला.

"अवमान टाका. आदेश देऊनही पाळला नाही म्हणजे कोर्टाचा अवमान. त्यात साहेबाला जातीने उभं राहावं लागतं. खुर्ची आपोआप रिकामी होते."

भाऊसाहेबांना हे पटलं. घरात वकीलही होता, वहिनींचा धाकटा भाऊ, ज्याच्या लग्नाला भाऊसाहेब पोचले नव्हते. वकील मेहुण्यांनी मोठ्या मनाने ते विसरून दोन दिवसांत अर्ज लिहून आणला. तो आधी वहिनींनी वाचला आणि त्यांचा चेहरा उतरला. पहिल्याच ओळीत लिहिलं होतं, 'अर्जदार ही एक निराधार विधवा असून...'

"अर्जदार हे, आणि विधवा? म्हणजे मी गेले म्हणायची," वहिनी म्हणाल्या.

मेहुण्यांनी खुलासा केला, की हा मसुदा एका जुन्या पेन्शनच्या प्रकरणातला आहे, भावना तीच आहे, फक्त तपशील बदलायचे राहिले. भाऊसाहेबांनी चष्मा लावला आणि अर्जात त्रुटी काढायला सुरुवात केली. दुसऱ्या पानावर पोचेपर्यंत मूळ अर्जात 'मान्यवर महोदय' एवढंच शिल्लक राहिलं. मग रविवारी सकाळी जेवणाच्या टेबलाशी बसून त्यांनी अख्खा अर्ज स्वतःच लिहिला, स्वतःच्या कागदावर, स्वतःच्या पेनाने. खाजगी कामाला सरकारी टाचणीसुद्धा वापरायची नाही हा त्यांचा नियम होता. अर्ज असा उतरला, की वाचणाऱ्याला कार्यालयाची चीड यावी. 'सामनेवाल्यांनी आदेशाकडे जाणूनबुजून डोळेझाक केली' असं त्यात होतं, आणि 'जाणूनबुजून' या शब्दाखाली रेघ होती. मेहुणे म्हणाले, भाऊजी, सगळा अवमान त्या एका शब्दावर उभा असतो. नुसता उशीर झाला तर तो उशीर, मुद्दाम केला तर अवमान.

अर्ज दाखल झाला. वहिनींनी बिल्डिंगमध्ये सगळ्यांना सांगितलं. तारीखवाले जिन्यात भेटेल त्याला आपण सल्ला दिल्याचं सांगत सुटले. आणि कोर्टाची नोटीस निघायच्या आत साहेबांची बदली झाली. निरोपाच्या वेळी साहेब भाऊसाहेबांचा हात हातात घेऊन म्हणाले, "तुमचं काम मनात होतं हो. चर्चा राहूनच गेली."

त्यांच्या जागी मॅडम आल्या. वय भाऊसाहेबांच्या मुलीएवढं, पहिलीच नेमणूक, येताना जेवणाचा डबा आणि कुंडीतलं एक छोटं रोप घेऊन आलेल्या. पहिल्या दिवशी ओळख करून घ्यायला भाऊसाहेब आत गेले, तर मॅडम चटकन उठून उभ्या राहिल्या आणि "बसा ना" म्हणाल्या. भाऊसाहेबांना क्षणभर काय करावं तेच सुचेना. त्यांच्या सगळ्या नोकरीत त्यांच्यासाठी कोणी साहेब उठला नव्हता. ते बसले, पण अर्धेच.

आठवड्याने नोटीस आली. तोवर मेहुण्यांनी अर्जात जुन्या साहेबांच्या जागी नव्या मॅडमचं नाव घालून घेतलं होतं. खुर्ची ज्याची, नोटीस त्याची, असं त्यांचं म्हणणं. शिपायाने ती रीतीप्रमाणे कोर्टाच्या टेबलावर आणून ठेवली. भाऊसाहेबांनी शिक्का मारला, नोंद घेतली आणि आत नेली. मॅडमनी ती दोनदा वाचली. व्यक्तिशः हजर राहावे, आणि तुरुंगवासाची शिक्षा का देऊ नये याचा खुलासा करावा, असं तिच्यात होतं.

"भाऊसाहेब, मला खरंच आत टाकतील?"

"सहसा टाकत नाहीत," भाऊसाहेब म्हणाले. खोटं बोलायची सवय नसल्यामुळे 'सहसा' हा शब्द गाळणं त्यांना जमलं नाही.

"कोणी केलंय हे?"

"मी."

मॅडमनी नोटीस खाली ठेवली. मग पाण्याचा ग्लास त्यांच्यापुढे सरकवला. रागावल्या असत्या तर बरं झालं असतं असं भाऊसाहेबांना वाटलं, कारण रागावलेल्या साहेबाला कसं उत्तर द्यायचं हे त्यांना माहीत होतं. मॅडम मात्र एवढंच म्हणाल्या, की निकाल तुमच्या बाजूने आहे, पद रिकामं आहे, मग अडलंय कुठे? फाइल आणा, आत्ता सही करते.

इथे गोष्ट संपायला हरकत नव्हती. भाऊसाहेब धावत फाइल घेऊन आले. बढतीच्या आदेशासोबत एक तपासणी तक्ता भरावा लागे. हा तक्ता, आता काय सांगायचं, काही वर्षांपूर्वी भाऊसाहेबांनीच तयार केलेला होता आणि तो नसेल तर फाइल परत करायची असा दंडकही त्यांनीच घातला होता. सगळे रकाने भराभर भरत ते शेवटच्या रकान्याशी आले. 'सदर कर्मचाऱ्यासंबंधी कोणतेही न्यायालयीन प्रकरण प्रलंबित आहे काय?' भाऊसाहेबांचं पेन थांबलं. प्रकरण प्रलंबित होतं. त्याची नोटीस समोरच पडली होती. त्यांनी लिहिलं, 'होय.' आणि सवयीने खाली शेरा मारला, 'सबब बढती देता येणार नाही.'

मॅडमनी शेरा वाचला, वर बघितलं, पुन्हा वाचला. मग म्हणाल्या, अर्ज मागे घ्या. भाऊसाहेब म्हणाले, घेतो, आदेश हातात पडला की लगेच. मॅडम म्हणाल्या, देते, अर्ज मागे घेतला की लगेच. दोघंही अगदी प्रेमाने बोलत होते आणि दोघंही खरं बोलत होते. पण संध्याकाळी तारीखवाल्यांनी जिन्यात अडवून बजावलं, की आधी अर्ज मागे घेतला आणि उद्या या बाईंची बदली झाली, तर पुढच्या साहेबाची चर्चा थेट निवृत्तीच्या सत्कारात होईल. भाऊसाहेब घाबरले. धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं, अशी त्यांची अवस्था झाली.

राहता राहिला प्रश्न, नोटिशीला उत्तर लिहिणार कोण? भाऊसाहेबांनी रीतसर टिपणी ठेवली, की या प्रकरणात मी स्वतःच अर्जदार असल्याने हे काम दुसऱ्या टेबलाकडे द्यावं. शेजारचे लिपिक ती वाचून पांढरे पडले आणि त्यांनी उलट टिपणी लिहिली, की आपल्याला कोर्टाचा अनुभव नाही, आणि 'सबब कोर्टाच्या टेबलाने योग्य ती कार्यवाही करावी.' टिपणी निर्दोष होती. भाऊसाहेबांनीच शिकवली होती.

मॅडम संकोचून म्हणाल्या, "तुम्हाला सांगणं बरं दिसत नाही, पण मला दुसरं कोणी नाही."

भाऊसाहेब टेबलाशी येऊन बसले. मनात त्यांनी ठरवलं, की उत्तर पडेल असं लिहायचं. म्हणजे अर्ज जिंकणार, आदेश निघणार. त्यांनी तीन-चार मिळमिळीत वाक्यं लिहिली. वाचली. ज्या हातांनी इतकी वर्षं कार्यालयाची अब्रू राखली, त्या हातांनी हे लिहावं? एवढ्यात काचेपलीकडे त्यांना मॅडम दिसल्या. रोपाला पाणी घालत होत्या आणि पाणी कुंडीबाहेर सांडत होतं, ते त्यांना कळतही नव्हतं. भाऊसाहेबांनी ती वाक्यं खोडली आणि आपली जुनी फाइल उघडली.

आणि तिथे त्यांना घबाड सापडलं. दर सोमवारची टिपणी. एकही सोमवार चुकलेला नाही, प्रत्येकीवर सही, प्रत्येकीवर शेरा. आदेशाकडे जाणूनबुजून डोळेझाक केली असं म्हणता? मग हे काय आहे? भाऊसाहेबांचं पेन धावू लागलं. 'कार्यालयाने या प्रकरणाचा अविरत व अखंड पाठपुरावा केलेला असून अर्जदाराचा आरोप वस्तुस्थितीस धरून नाही.' एवढ्यावर न थांबता त्यांनी अर्जातल्या पानांच्या क्रमांकातली एक चूकसुद्धा कोर्टाच्या नजरेस आणून दिली. ती त्यांचीच होती. लिहून झाल्यावर त्यांना इतकं प्रसन्न वाटलं, की आपण आत्ता स्वतःलाच हरवलं हे घरी जाईपर्यंत त्यांच्या लक्षात आलं नाही.

सरकारी वकिलांचा फोन आला. असं उत्तर आपण आयुष्यात वाचलं नाही, अर्ज टिकणं शक्य नाही, असं ते म्हणाले. भाऊसाहेबांना गुदगुल्या झाल्या, आणि मग आठवलं, की टिकणार नाही तो अर्ज आपलाच आहे. त्याच संध्याकाळी मेहुणे उत्तराची प्रत नाचवत घरी आले.

"भाऊजी, कोण आहे हो हा माणूस? आपला पार चेंदामेंदा केलाय त्याने. याला एकदा बघायचंय मला."

"तुझ्यासमोर बसलाय," वहिनी ताटं मांडत म्हणाल्या.

मेहुणे खुर्चीत बसले आणि पाणी प्यायले. वहिनी मात्र जेवण होईपर्यंत एक शब्द बोलल्या नाहीत. वहिनींचा आरडाओरडा भाऊसाहेबांना सवयीचा होता. त्यांची शांतता परवडणारी नव्हती. ताटं उचलताना त्या थांबल्या.

"सगळ्यांच्या चुका काढता. स्वतःसाठी एकदा डोळा झाकला असता तर काय बिघडलं असतं?"

"त्या पोरीची पहिली नोकरी आहे गं."

"आणि तुमची शेवटची आहे," वहिनी म्हणाल्या आणि आत गेल्या.

यावर भाऊसाहेबांकडे उत्तर नव्हतं. उत्तर नसण्याची ही त्यांची पहिलीच वेळ होती, म्हणून त्यांनी दुसऱ्या एका गोष्टीला उत्तर लिहायला घेतलं. कार्यालयाच्या उत्तराला अर्जदाराचं प्रत्युत्तर. घरच्या टेबलावर, घरच्या पेनाने त्यांनी स्वतःच्या मुद्द्यांच्या चिंधड्या उडवल्या. नुसत्या टिपण्या ठेवणं म्हणजे आदेश पाळणं नव्हे, असं त्यांनी ठणकावलं. ते प्रत्युत्तर कार्यालयात आलं, त्यावर शिक्का बसला, आणि दुपारी सरकारी पेनाने त्याचा समाचार घेण्यात आला. अर्जदाराच्या भाषेबद्दल त्यात खेदही व्यक्त करण्यात आला. तो वाचून अर्जदार घरी फार संतापले. असे दोन-तीन फेरे झाले. शेजारचे लिपिक सांगतात, की त्या दिवसांत भाऊसाहेब डबा खाताना स्वतःशीच मान हलवायचे, कधी होकारार्थी, कधी नकारार्थी.

शेवटी तारीख लागली. मॅडम सकाळपासून कोर्टाच्या बाकावर पर्स मांडीवर घट्ट धरून बसल्या होत्या. शेजारी भाऊसाहेब, कारण कोर्टाचं टेबल म्हणून त्यांना मॅडमसोबत यावंच लागणार होतं. अर्जदार म्हणून यायला त्यांनी वेगळी रजा टाकली होती. एकाच दिवशी कामावरही आणि रजेवरही कसं राहायचं हा प्रश्न त्यांनी निवृत्तीनंतर सोडवायला ठेवला होता. मागच्या बाकावर वहिनी होत्या, आणि त्यांच्यामागे तारीखवाले. त्यांची तारीख नव्हती, पण कोर्टात आल्याशिवाय त्यांना दिवस गेल्यासारखा वाटत नसे.

प्रकरण पुकारलं गेलं. न्यायमूर्तींनी दोन्ही बाजूंचे कागद चाळले. चाळता चाळता ते थांबले, अर्ज एका हातात आणि उत्तर दुसऱ्या हातात धरून आळीपाळीने बघू लागले. दोन्ही बाजूंनी फार सुरेख लिहिलं आहे, असं ते म्हणाले. दोन्ही वकिलांनी नम्रपणे मान झुकवली. मग न्यायमूर्ती म्हणाले, की गंमत अशी, की दोन्ही बाजू 'सबब' हा शब्द प्रत्येक पानावर वापरतात, दोन्ही बाजू एकमेकांच्या पानांचे क्रमांक तपासतात, आणि दोन्ही बाजू 'जाणूनबुजून' या शब्दाखाली पट्टीने रेघ मारतात. हे लिहिलंय कोणी?

दोन्ही वकील छताकडे बघू लागले. भाऊसाहेब उठून उभे राहिले. उभं राहण्याची त्यांना सवयच होती.

"साहेब, दोन्ही मीच लिहिलंय."

कोर्टात खसखस पिकली. न्यायमूर्तींनी चष्मा काढला.

"मग यातलं खरं कुठलं?"

"दोन्ही खरं आहे, साहेब. फाइल दर सोमवारी निघत होती. फक्त पोचत नव्हती."

न्यायमूर्तींनी दोन्ही कागद खाली ठेवले. मग मॅडमकडे बोट करून विचारलं, "या बाईंनी तुमचा आदेश जाणूनबुजून अडवला, असं तुमचं म्हणणं आहे?"

मेहुणे डोळ्यांनी, भुवयांनी, शेवटी हाताने 'हो म्हणा' असं खुणावत होते. भाऊसाहेबांना सगळं कळत होतं. हो म्हटलं तर आदेश नक्की होता, आणि त्या पोरीच्या नावापुढे पहिल्याच वर्षी डाग लागणार होता. नाही म्हटलं तर अर्ज तिथेच संपत होता, आणि त्यांची खुर्चीही. त्यांनी मागे वळून बघितलं. वहिनी त्यांच्याकडेच बघत होत्या. काही खुणावत नव्हत्या.

"नाही, साहेब. त्या आल्या तेव्हा उशीर आधीच होऊन गेलेला होता. तो त्यांनी केला नाही."

मेहुणे मटकन खाली बसले. न्यायमूर्ती म्हणाले, की अर्जदारच असं म्हणतो तर अवमान उरतच नाही. दुपारच्या सुट्टीनंतर तसा निकाल देतो.

बाहेर व्हरांड्यात सरकारी वकिलांनी मॅडमचं अभिनंदन केलं. मॅडमनी भाऊसाहेबांच्या शेजारी बसून एक कोरा कागद मागितला. आदेश इथेच लिहिते म्हणाल्या. वकिलांनी त्यांना थांबवलं. आता भीती नाही, मग घाई कशाला? निकाल लागू द्या, तो कार्यालयात येऊ द्या, तक्त्यातल्या शेवटच्या रकान्यात 'नाही' असं येईल, मग रीतसर फाइल चालवा. बोलणं अगदी योग्य होतं. आणि रीतसर म्हणजे किती सोमवार, हे त्या व्हरांड्यात भाऊसाहेबांइतकं कोणालाच ठाऊक नव्हतं. तरी ते म्हणाले,

"ते बरोबर सांगतायत, मॅडम. प्रकरण प्रलंबित असताना रकाना क्रमांक..."

"भाऊसाहेब, तुम्ही जरा गप्प बसा," मॅडम म्हणाल्या.

त्यांनी पर्सवर कागद ठेवला आणि लिहायला लागल्या. अक्षर तिरकं जात होतं. भाऊसाहेब आयुष्यात पहिल्यांदाच कोणाला तरी आपल्याबद्दल सरकारी कागद लिहिताना बघत होते. आजवर तेही त्यांनाच लिहावं लागलं होतं. लिहून झाल्यावर मॅडमनी सही केली आणि कागद त्यांच्याकडे दिला.

भाऊसाहेबांनी चष्मा लावला. पहिल्याच नजरेत त्यांना दिसलं, की जावक क्रमांक नाही. संदर्भाची जागा कोरी आहे. तपासणी तक्ता सोबत जोडल्याचा उल्लेख नाही, कारण तक्ताच नाही. पदाचं नाव एका ठिकाणी अर्धवट सुटलं आहे. असा कागद त्यांच्या टेबलावर आला असता तर पाच मिनिटांत परत गेला असता. त्यांचं बोट आपोआप कोऱ्या जागेवर जाऊन टेकलं.

"काही त्रुटी?" मॅडमनी विचारलं.

भाऊसाहेबांनी बोट उचललं. "नाही," ते म्हणाले. "ठीक आहे."

दुपारी तो आदेश न्यायमूर्तींपुढे ठेवण्यात आला. त्यांनी तो वाचला आणि विचारलं, हा कोणी लिहिला? मॅडम म्हणाल्या, मी. न्यायमूर्ती म्हणाले, "दिसतंच आहे." आणि प्रकरण निकाली काढलं. बाहेर आल्यावर तारीखवाल्यांनी भाऊसाहेबांना बाजूला घेऊन, एका तारखेत प्रकरण संपवलंत, असं जरा नाराजीनेच सुनावलं.

घरी आल्यावर वहिनींनी पंखा लावला, पाणी दिलं आणि समोर बसल्या. वाचा म्हणाल्या. भाऊसाहेबांनी आदेश उघडला आणि खणखणीत आवाजात वाचला. वाचता वाचता जावक क्रमांक आला, संदर्भ आला, पदाचं नाव पूर्ण झालं, तक्ताही जोडला गेला. वहिनींना ते सगळं फार भारदस्त वाटलं. त्यांनी डोळे पुसले आणि म्हणाल्या, "पुन्हा एकदा वाचा ना."

भाऊसाहेबांनी कागद पुन्हा डोळ्यांसमोर धरला. या वेळी ते हळू वाचत होते. क्रमांक नव्हता, तिथे ते थांबले आणि पुढे गेले. पद अर्धवट होतं, तिथे अर्धवटच वाचलं. जसं त्या पोरीने व्हरांड्यात मांडीवर घाईघाईने लिहिलं होतं तसं, एकही शब्द न सुधारता, शेवटच्या सहीपर्यंत त्यांनी ते वाचून काढलं, आणि मग त्यांना कागद दिसेना.